छत्तिसाव्या वर्षी हिरोची आई : रोल घ्यावा का?

प्रश्न थोडक्यात असा : "मी ३६ वर्षांची आहे. बारा वर्षं मराठी मालिकांत बहीण, मैत्रीण, वहिनी अशी कामं केली. आता एका नव्या मालिकेत हिरोच्या आईचा रोल आलाय. हिरो ३१ वर्षांचा आहे. घरचे म्हणतात, एकदा आई झालीस की संपलं. रोल घेऊ का? आणि ललिता पवारांसारखं आयुष्यभर काम करत राहायचं असेल तर नेमकं काय करावं लागतं?"

वयानं मोठी आहे म्हणून सरळ अगं-तूगं करते, राग मानू नकोस. एकतीस वर्षं कॅमेऱ्यासमोर उभी आहे. त्यातली पंचवीस कुणाची ना कुणाची काकू, आत्या, आई, सासू म्हणून गेली. नायिका एकदाच झाले होते, तो सिनेमा अजून डब्यात आहे.

रोल घे. फक्त "आईचा रोल आहे" एवढ्याच माहितीवर घेऊ नकोस. आई हे नातं झालं, तो रोल नव्हे. हा फरक मला कळायला बरीच वर्षं लागली आणि तो कळला तो ललिताबाईंची कामं पुन्हा पुन्हा बघून. तू त्यांचंच नाव घेतलंस म्हणून तिथूनच सांगते.

'दाग' आला १९५२ साली. त्यात दिलीपकुमारची आई ललिता पवार. दिलीपकुमारचा जन्म डिसेंबर १९२२ चा, ललिताबाईंचा एप्रिल १९१६ चा. म्हणजे मुलगा २९ वर्षांचा आणि आई ३६. तुझ्या आणि तुझ्या हिरोच्या वयात पाच वर्षांचं अंतर आहे, त्यांच्यात साडेसहा होतं. घरच्यांना एवढं सांगून बघ. त्यानंतर बाईंनी चाळीसहून जास्त वर्षं काम केलं. 'श्री ४२०', 'अनाडी', 'जंगली', 'प्रोफेसर', 'आनंद', आणि आमच्या पिढीनं रविवारी सकाळी टीव्हीसमोर मांडी घालून बघितलेली मंथरा, हे सगळं त्या 'संपलं'च्या नंतरचं आहे.

पण 'बाईंनी हसत हसत आईच्या भूमिका स्वीकारल्या' अशी गोड गोष्ट मी तुला सांगणार नाही, कारण तसं घडलेलंच नाही.

येवल्याची ही मुलगी, पाळण्यातलं नाव अंबा, वडिलांचा रेशमाचा आणि सुती कापडाचा व्यापार. १९२८ साली, बाराव्या वर्षी, ती मूकपटात उभी राहिली. १९३१ चा तिचा 'दिलेर जिगर' हा मूकपट आजही शिल्लक आहे. मूकपटांतले फारच थोडे वाचलेत, त्यातला हा एक. मिळाला तर जरूर बघ. त्या पोशाखी साहसपटातली चपळ पोर हीच पुढची खाष्ट सासू, यावर विश्वास बसत नाही. १९३२ मध्ये 'कैलाश' या मूकपटाच्या निर्मितीत तिचा वाटा होता, म्हणजे वय सोळा. बोलपट आले तेव्हा नायिकांना आपली गाणी आपणच म्हणावी लागत, तीही तिनं म्हटली. १९३८ मध्ये 'दुनिया क्या है' स्वतः काढला. थोडक्यात, पंचविशीच्या आत ती नायिका, गायिका, निर्माती असं सगळं होऊन बसली होती.

मग १९४२. 'जंग-ए-आझादी'चं शूटिंग. दृश्यात भगवानदादांनी तिला थोबाडीत मारायची होती. हात जोरात बसला. चेहऱ्याला पक्षाघात झाला, डाव्या डोळ्याची शीर फुटली. उपचार वर्षानुवर्षं चालले आणि एवढं करून डावा डोळा कायमचा बारीक राहिला. नायिकेच्या भूमिका थांबल्या. तेव्हा ती २६ वर्षांची होती.

त्यामुळे तिनं चरित्र भूमिका निवडल्या असं कुणी म्हटलं की मला हसू येतं. दुसरं दार उघडंच नव्हतं. तुझंही दार अर्धं बंद झालंय म्हणून तर तू विचारते आहेस ना? त्यात लाजण्यासारखं काही नाही. प्रश्न एवढाच की त्या दारातून आत गेल्यावर तिनं काय केलं.

१९४४ मध्ये प्रभातचा 'रामशास्त्री' आला आणि त्यात ती आनंदीबाई झाली. मराठी माणसाला 'ध'चा 'मा' म्हटलं की जी आठवते ती आनंदीबाई. इथून पुढे त्या डोळ्याचं काय झालं ते आपल्या धंद्यातल्या माणसानं बारकाईनं बघण्यासारखं आहे. क्लोज-अपमध्ये दोन डोळे सारखे नसले की बघणाऱ्याला उगाच अस्वस्थ वाटतं, ही बाई काहीतरी लपवतेय असं वाटत राहतं. खलनायिकेला हे फुकटचं भांडवल. बाईंनी ते वापरलं, भरपूर वापरलं. १९५० चा शांतारामबापूंचा 'दहेज' घे. सासूनं आवाज चढवायच्या आधीच सुनेच्या पोटात गोळा येतो.

एवढ्यावरच थांबल्या असत्या तर ललिता पवार म्हणजे एक डोळा आणि एक सासू, एवढंच उरलं असतं. आता 'श्री ४२०' बघ. राज कपूर मुंबईत नवा नवा आलाय, खांद्यावर काठी आणि बोचकं. रस्त्याच्या कडेला गंगामाई केळी विकतेय. तो भाव विचारतो. ती सांगते दोन आण्याला तीन. तो उलटी घासाघीस करतो, तीन आण्याला दोन देणार का? आता तिचा चेहरा बघ. आधी वैताग, मग 'हा येडा आहे की काय' असा संशय, आणि मग तोच बारीक डोळा असा काही मिचकल्यासारखा होतो की तिला ते पोर आवडून गेलंय हे तिच्याआधी आपल्याला कळतं. दोष तोच, जागा तीच. 'दहेज'मध्ये त्या डोळ्याची भीती वाटते, इथे त्यातच सगळी माया येते. मेकअपनं काहीही बदललेलं नाही. बदललंय ते एवढंच, की त्या बाईला समोरच्या माणसाकडून काय हवंय.

अष्टपैलू हा शब्द आपल्याकडे फार स्वस्त झालाय. पाच विग आणि तीन बोली केल्या की अष्टपैलू. ललिताबाईंकडे तसला सरंजाम फारसा नव्हताच. तो चेहरा, जरा पुढे आलेली हनुवटी, पदर आणि हात, बहुतेक वेळा एवढंच. पण प्रत्येक बाईला काहीतरी ठाम हवं असायचं आणि ते प्रत्येकीचं वेगळं असायचं.

'श्री ४२०' ज्या वर्षी आला त्याच १९५५ साली गुरुदत्तचा 'मिस्टर अँड मिसेस ५५' आला. त्यात त्या मधुबालाची श्रीमंत, पुरुषद्वेष्टी आत्या आहेत, सीतादेवी. भाषणं करणारी, घटस्फोटाच्या कायद्याच्या बाजूनं उभी राहणारी. फुटपाथवरची केळेवाली आणि ही आत्या एकाच वर्षात. किंवा १९५९ घे. बिमल रॉयच्या 'सुजाता'मध्ये शिवाशिव पाळणारी कर्मठ वडीलधारी, आणि त्याच वर्षी हृषिकेश मुखर्जींच्या 'अनाडी'त मिसेस डिसा.

मिसेस डिसाबद्दल जरा सविस्तर बोलते, कारण माझ्या मते आई कशी करावी याचा तो धडा आहे, आणि ती तर आईसुद्धा नाही. घरमालकीण आहे. ख्रिस्ती बाई, झगा घालणारी, तोंडानं फटकळ. भाडेकरू राज कपूर. ती त्याच्यावर सारखी डाफरते. नवशिकी नटी असती तर दर डाफरण्यानंतर एक ओलसर कटाक्ष टाकला असता, की बघा हं, मनातून मी प्रेमळ आहे. ललिताबाई तसं करत नाहीत. भाडं मागताना त्या खरंच भाडं मागतात. माया वेगळी दाखवायची गरजच त्यांना वाटत नाही, कारण या पोराची एवढी उस्तवार करणारी दुसरी कुणी नाही हे आपण बघतच असतो. म्हणूनच भेसळीच्या औषधानं ती जाते तेव्हा पोटात तुटतं. या भूमिकेला त्यांना सहायक अभिनेत्रीचं फिल्मफेअर मिळालं. १९६१ मध्ये संगीत नाटक अकादमीचा पुरस्कारही मिळाला. बारा वर्षांनी हृषीदांनीच 'आनंद'मध्ये त्यांना पुन्हा डिसा केलं, नर्सिंग होमची कडक मेट्रन. आडनाव तेच, कडकपणा तोच, तरी ही बाई निराळी. हिच्या कडकपणाला युनिफॉर्मची इस्त्री आहे.

आणि 'प्रोफेसर' चुकवू नकोस. १९६२, लेख टंडन. शम्मी कपूर म्हातारा प्रोफेसर बनून शिकवायला येतो आणि घरातली शिस्तीची कर्दनकाळ आत्या त्या खोट्या म्हाताऱ्याच्या प्रेमात पडते. हे हास्यास्पद करणं फार सोपं होतं. प्रेक्षक हसायलाच बसलेला असतो. पण त्या लाजतात तेव्हा खऱ्या लाजतात. इतकी वर्षं कुणी आपल्याशी गोड बोललेलंच नाही, ही जाणीव त्या बाईला मध्येच कुठेतरी होते आणि हसता हसता आपल्याला जरा अपराधी वाटतं. आदल्याच वर्षी 'जंगली'मध्ये त्या घरात हसायला बंदी घालणाऱ्या शम्मीच्या आई होत्या. कागदावर दोघी सारख्याच, कडक आणि श्रीमंत. पडद्यावर एकीची सावली दुसरीवर पडत नाही.

आता दुसरी बाजूही सांगते, नाहीतर म्हणशील बाई आरती ओवाळतेय. त्यांच्या चित्रपटांचा आकडा सातशेच्या घरात सांगतात. एवढ्या कामात रद्दी किती असेल तूच विचार कर. कितीतरी सिनेमांत त्या यायच्या, सुनेला दोन वाक्यं ऐकवायच्या, शेवटी पश्चात्ताप करायच्या आणि चेक घ्यायच्या. 'खाष्ट सासू' हा शिक्का त्यांच्यावर असा बसला की आजही घराघरांत "तिची सासू म्हणजे अगदी ललिता पवार" असं म्हणतात. शिक्का बसतो. घरचे म्हणतात त्यात तेवढं खरं आहे. फक्त शिक्का बसला म्हणून काम थांबत नाही, उलट बऱ्याचदा शिक्क्यामुळेच चूल पेटते. सोलापूरच्या शशिकलाबाईंवर नखरेल, कारस्थानी बाईचा शिक्का होता. 'आरती' आणि 'गुमराह', लागोपाठ दोन फिल्मफेअर त्याच शिक्क्यावर आली. उलट टोकाला सुलोचनादीदी. सोशीक आई हा शिक्का त्यांनी इतका आपलासा केला की नायिका म्हणून केलेली त्यांची मराठी कामं नव्या पोरींना माहीतही नाहीत. याचं मला वाईट वाटतं, पण दीदींना काम कधी कमी पडलं नाही.

वयाच्या बाबतीत मात्र हा बायकांवरचा अन्याय आहे, यात मला काडीची शंका नाही. 'सारांश'मध्ये निवृत्त शिक्षक झाले तेव्हा अनुपम खेर तिशीचेही नव्हते. 'आता तू कायमचा म्हातारा' असं त्यांना कुणी म्हटलं नाही. 'मदर इंडिया'त नर्गिस सुनील दत्तची आई झाली, दोघांचं जन्मसाल एकच, १९२९. तिथे तिला भूमिकाच एवढी मोठी मिळाली की कुणी वयाचं बोललं नाही. यातून काय घ्यायचं ते घे. माझ्या मते, वयाचा अपमान होतो तो रोल पोकळ असला की.

आता माझी चूक ऐक. तेहेतीसची असताना मला एका मोठ्या मालिकेत नायिकेच्या आईचा रोल आला होता. मी फणकाऱ्यानं नाही म्हटलं. त्यानंतर चौदा महिने घरी. कामं आणून देणाऱ्या को-ऑर्डिनेटरचे फोन बंद, कारण 'ती आई करत नाही' एवढाच निरोप सगळीकडे गेला. शेवटी घोडबंदर रोडवरच्या एका सेटवर काकूचं काम धरलं, महिन्याला सहा दिवस. पहिलाच सीन स्वयंपाकघरातला. मी ओट्याशी मेथी निवडत पुतण्याला समजावते. मी आपली भराभर पानं खुडत सुटले. आख्ख्या सीनचा मास्टर शॉट झाला, दोघांचा टू-शॉट झाला, माझा क्लोज-अप लागेपर्यंत जुडी संपली. प्रत्येक शॉटमध्ये सगळं सारखं दिसतंय ना हे बघणारी कंटिन्युइटीची मुलगी रडकुंडीला आली, स्पॉटदादा मेथी शोधायला नाक्यावर पळाला, बारा जणांचं युनिट पाऊण तास बसून. कॅमेरामन वयस्कर होते. माझ्याजवळ येऊन हळूच म्हणाले, "ताई, पान वाक्याच्या शेवटी तोडा. मधे नुसती काडी फिरवा."

मेथी वाचावी म्हणून ते बोलले असतील. मला त्या दिवशी धंदा कळला. वाक्याच्या शेवटी पान तुटलं की तो वाक्याचा पूर्णविराम होतो. पान न तोडता हात थांबला तर पुतण्या काय म्हणतोय याकडे काकूचं लक्ष गेलं. संवाद एका अक्षरानं न बदलता सीन माझा झाला. घरी जाऊन 'श्री ४२०' लावला तेव्हा गंगामाईच्या हातांकडे पहिल्यांदा नीट बघितलं. ती बोलत असते आणि हात त्यांचं त्यांचं दुकान चालवत असतात. हिरो आला म्हणून केळी विकणं थांबलेलं नाही. तो काकूचा रोल पुढे चार वर्षं चालला, आणि सहाचे चौदा दिवस झाले.

तेव्हा हो म्हणण्याआधी काय काय विचारायचं ते सांगते. नरेशनला, म्हणजे गोष्ट ऐकायला, बसशील तेव्हा एवढं विचार : मुलाचं लग्न, मुलाचं दुखणं, मुलाची नोकरी सोडून या बाईचं स्वतःचं काय अडलंय? नणंदेशी वाकडं आहे का, जुनं देणं आहे का, शिवणाची मशीन धूळ खात पडलीय का, काहीही चालेल. लेखक गडबडला तर समज की तुला दारात आरतीचं ताट घेऊन उभं करणार आहेत. तरीही पैशासाठी घ्यायचा तर घे, पण मग ते काहीतरी तू ठरव आणि कुणाला न सांगता कर. लेखकांचं लक्ष असतं गं. ज्या बाईच्या हातात काहीतरी चाललेलं दिसतं तिच्यासाठी ट्रॅक, म्हणजे तिची वेगळी गोष्ट, लिहावीशी वाटते.

महिन्याला किमान किती दिवसांची हमी ते लेखी घे. "ताई, भरपूर दिवस लागतील" याला काही अर्थ नाही. पैसे नव्वद दिवसांनी येतात हे तुला माहीत आहेच, पण आईच्या कामात दिवस तुटक मिळतात, त्यामुळे तो खड्डा जास्त खोल लागतो. चार महिन्यांचा घरखर्च बाजूला आहे का ते आधी बघ. दुसऱ्या चॅनलवर काम करायची मोकळीक माग. महिन्याला आठ दिवसांसाठी बावीस दिवस कुणाला बांधून देऊ नकोस. आणि नाटक चालू ठेव. मालिकेत तुला आई करतात, रंगमंचावर त्याच आठवड्यात तू तीस वर्षांची बाई करू शकतेस. प्रेक्षक दोन्ही मान्य करतो, अडतात ते फक्त कास्टिंगवाले.

केस पांढरे करायला येतील. ३१ वर्षांच्या मुलाची आई म्हणजे हिशोबानं पंचावन्न-साठची, पण हल्लीच्या मालिकांत ती चाळिशीची दिसली तरी चालते. त्यामुळे पावडर फासून म्हातारी होऊ नकोस. बसताना-उठताना गुडघ्याला किती वेळ लागतो तेवढंच बदल. मंथरा केली तेव्हा बाई सत्तरीच्या होत्या. रामानंद सागरांचं 'रामायण' जानेवारी १९८७ मध्ये सुरू झालं. पाठीला पोक, वाकलेली चाल, सगळं होतं. पण कैकेयीच्या कानाशी लागायची वेळ येते तेव्हा सगळं अंग स्थिर होतं आणि फक्त नजर काम करते. तोच १९४२ चा डोळा, पंचेचाळीस वर्षांनी. देशभर लोकांनी त्या बाईचा मनापासून तिरस्कार केला. आमच्या वाड्यातली आजी तर मंथरा दिसली की टीव्हीकडे बोटं मोडायची.

बाई गेल्या २४ फेब्रुवारी १९९८ ला, पुण्यात औंधच्या घरी. तेव्हा घरात दुसरं कुणी नव्हतं, पती इस्पितळात होते. बातमी बाहेर यायला वेळ लागला. हे मी तुला घाबरवायला सांगत नाही. पण आयुष्यभर काम म्हणजे काय ते विचारलंस म्हणून सांगते. आपल्याकडे पेन्शन नाही, सेटवरचं 'आईऽ' हे पॅकअपपर्यंत असतं. म्हणून घरच्या माणसांशी या रोलवरून भांडू नकोस, त्यांना पहिला भाग आपल्याबरोबर बसून बघायला लाव.

मला विचारशील तर वाट न बघता आजच फोन कर. हो म्हण आणि पहिल्या चार भागांचं लिखाण मागून घे. पहिल्या दिवशी बहुतेक स्वयंपाकघराचाच सीन लागेल, आयांना तिथंच उभं करतात. आर्टवाल्याला आदल्या दिवशी सांगून ठेव, मेथी असेल तर दोन जुड्या जास्तीच्या आण म्हणावं.